खिळ्यावरची रोटी

सनोबर भिंतीला पाठ टेकून बसली होती आणि तिथून उठायला तयार नव्हती. तिच्या डोक्यावर, खिळ्याला बांधलेल्या पांढऱ्या फडक्यात, रोटी लटकत होती. मॉस्कोला कामाला निघताना तिच्या मुलाने, अब्रोरने, त्या रोटीचा एक घास खाल्ला होता. उरलेली परत येणाऱ्याने संपवायची, तोवर ती भिंतीवर. इस्फरा शहराजवळच्या त्या गावात निम्म्या घरांच्या भिंतींवर अशा रोट्या होत्या.

अब्रोर सकाळी आला. परांचीवरून पडला होता म्हणे. जस्ताच्या शवपेटीचं झाकण डाख लावून बंद केलेलं होतं, आणि उघडू नका, असं सोबत आलेल्यांनी बजावलं होतं. पुरुषांनी नमाज पढून पेटी तशीच पुरली. सनोबरला मुलाचं तोंडही दिसलं नाही, आणि बायका कब्रस्तानात जात नाहीत म्हणून माती पडतानाही पाहता आली नाही.

दुपारी रिसोलतबिबी पठणाला आली. गावातल्या बायकांना कुराण तिनेच शिकवलं होतं, आणि मयतीच्या घरी तिलाच बोलावत. तिचं पठण संपायच्या आतच सनोबरची जाऊ, गुलचेहरा, स्टूल आणि सुरी घेऊन उभी राहिली. मेलेल्याची रोटी घरात नको, ती म्हणाली. कुणी सांगितलं पक्ष्यांना घाला, कुणी म्हणालं पाटाच्या वाहत्या पाण्यात सोडा. अंगणातून सनोबरच्या पुतण्याचा आवाज आला की मुळात हा सगळा प्रकार धर्मात कुठे सांगितलेलाच नाही.

"मग तुझ्या आईच्या भिंतीवर काय झुंबर लटकतंय का रे?" एक म्हातारी म्हणाली.

सनोबरसमोर शेजाऱ्यांनी आणलेला रस्सा तसाच होता. वर चरबीची पांढरी साय धरली होती. बातमी आल्यापासून तिने पाण्याखेरीज काही घेतलं नव्हतं.

"बिबी," ती म्हणाली, "आपल्या वाट्याचा शेवटचा घास खाल्ल्याशिवाय कुणी मरत नाही. तुम्हीच शिकवलंत ना?"

"हो. पैगंबरसाहेबांचं वचन आहे."

"मग त्याचा वाटा तर इथं लटकतोय. ती माणसं कुणाला पुरून आली?"

गुलचेहराने सुरी पदराआड घेतली.

रिसोलतबिबी उठून सनोबरजवळ जाऊन बसली. मग सनोबर फक्त तिला ऐकू जाईल एवढ्या आवाजात बोलायला लागली. जर्दाळू फुलले होते तेव्हा अब्रोर सुट्टीवर आला होता. पहिल्याच दिवशी म्हणाला, आई, काढ ती रोटी, चहात बुडवून खातो. तिने काढली नाही. आज राहू दे, उद्या राहू दे, असं करत तो जायचा दिवस आला. परत जाताना त्याने घास घ्यावा म्हणून नवी रोटी तिने भाजलीच नाही. तिला वाटलं होतं, ही अर्धवट राहिली तर त्याला पुन्हा यावंच लागेल.

"मी त्याच्या तोंडचा घास अडवला का, बिबी?"

सबुरीची वचनं रिसोलतबिबीच्या ओठावर होती. कितीतरी घरांत तिने ती म्हटली होती, आणि बायका मान हलवून रडल्या होत्या. पण हिने विचारलं होतं ते वेगळं. तिला आजी आठवली. सरकारची धर्मावर बंदी होती आणि कुराण पिठाच्या पेटीत लपवावं लागे त्या काळात, खिडक्या लावून, आजीने सगळ्यात आधी एकच गोष्ट शिकवली होती: पैगंबरसाहेबांच्या वचनात पदरचा शब्द घालणारा आपली जागा नरकाच्या आगीत करतो. रिसोलतबिबीने जन्मभर तो घातला नव्हता. जिथे वचन संपे, तिथे ती थांबे.

"वचन तेवढंच आहे, सनोबर," ती म्हणाली. "पुढचं त्यांचं नाही. पुढचं माझं आहे, चुकलं तर माझ्या माथी. ऐकशील?"

सनोबरने मान हलवली.

"त्याच्या वाट्याचं त्याने सगळं खाल्लं. ते अडवायची ताकद आईत नसते, तुझ्यातही नव्हती. त्या रोटीतला एक घास त्याचा होता. उरलेली त्याची नव्हतीच."

"मग कुणाची?"

"तुझी."

सनोबरने वर रोटीकडे पाहिलं. मग भिंतीपासून सरकली, एका माणसाची जागा होईल एवढी.

स्टुलावर रिसोलतबिबी स्वतःच चढली. गाठ सुटेना, तेव्हा गुलचेहराने न बोलता सुरी वर दिली. रोटी खापरीसारखी कडक झाली होती. बिबीने वाडग्यात गरम चहा ओतला, रोटी सनोबरच्या हातात दिली आणि वाट पाहिली.

"बिस्मिल्ला," सनोबर म्हणाली.

अब्रोरने जिथे चावा घेतला होता त्याच्या विरुद्ध कडेपासून तिने सुरुवात केली. तुकडा मोडायचा, चहात धरायचा, कडा सैल झाल्या की खायचा. बायकांनी बोलणं थांबवलं होतं. अंगणात कुणीतरी पाहुण्यांना हात धुवायला पाणी घालत होतं, त्याचा आवाज येत होता. दोनदा तिला ठसका लागला. दोन्ही वेळा तिने तोंडावर हात दाबला आणि गिळलं.

शेवटी अब्रोरच्या दातांच्या खुणा असलेला तुकडा उरला. सनोबरने तो चहावर नेला आणि तिथेच थांबली. चहात त्या खुणा विरल्या असत्या.

तिने तो कोरडाच तोंडात ठेवला. मऊ होईपर्यंत तशीच बसून राहिली, आणि त्याला आपला दात लागू दिला नाही.