नेकरकाठचं गाव

"नदी गावाच्या कंच्या अंगाला?" अंबूबाईनं विचारलं.

"तीन अंगांनी वळसा घेते काकी," ब्राह्मी म्हणाली. "चौथ्या अंगाला डोंगर. डोंगरावर किल्ला."

"नाव काय नदीचं?"

"नेकर."

शेंगा फोडता फोडता अंबूबाईचा हात थांबला. "चड्डीचं नाव नदीला? आनि म्हणं शिकलेली मानसं."

ब्राह्मी शेजारची सून, हायस्कुलात भूगोल शिकवायची. शाळा सुटली की अंबूबाईच्या सोप्यावर बसून मोबाइलात बघून जर्मनीतल्या लिंडनफुर्टची माहिती सांगायची. समोरच्या भिंतीवर त्या गावाचं चित्र होतं. खताच्या दुकानातल्या जुन्या कॅलेंडरचं पान, काच बसवून घेतलेलं. खाली बारीक अक्षरात नाव. आलंगेलं माणूस चित्रापुढं थांबलं की अंबूबाई मान ताठ करून सांगायची, आमच्या धैर्यशीलचं गाव.

तिचा लेक धैर्यशील पुढच्या महिन्यात घरी येणार होता. तो आला की त्याच्या धाकट्या बहिणीची, क्रांतीची सुपारी फुटायची होती. स्थळ आटपाडीचं. मुलगा गुणाचा, क्रांतीच्या मनात भरलेला. पण त्या घरात शब्द चालायचा चुलत्याचा, आणि हे नानासो साखर कारखान्याच्या मशिनींसाठी जर्मनीत वर्षभर राहून आलेले. ते म्हणाले होते, "पोरीचा भाऊ येऊ दे. तिकडच्या चार गोष्टी बोलतो त्याच्याशी, मग तारीख धरू." आधीची दोन स्थळं मोडली होती. क्रांतीनं तेव्हापासून नवी साडी अंगाला लावली नव्हती.

"नानासोंच्या म्होरं मला गप बसायचं न्हाई," अंबूबाई म्हणाली. "लेक तिथं ऱ्हातो आनि आईला नदी ठावी न्हाई, असं झालं तर तोंड कुठं घालू?"

"मग दादालाच विचारा की फोनवर."

"त्याला टाइम कुठं? बोलतोय न बोलतोय तवर फोन कट. पाठीमागं दुसरी मानसं उभी असत्यात."

"थंडी फार असते हो तिथं. अंधारही लवकर पडतो."

"व्हय. दिस मावळायच्या आधी आत जावं लागतं म्हणतो."

"जेवणाचं काय करतात?"

"मिळतं. चव न्हाई. लाडू द्यावं म्हणलं तर सोडत न्हाईत."

"कस्टमवाले तसलेच," ब्राह्मी हळहळली.

आतून क्रांती दाराशी आली. "आई, दादा नक्की येणार हाय न्हवं?"

"येणार म्हणजे येणार. तू पिठात लक्ष घाल."

ब्राह्मी पुढं सांगत राहिली. डोंगरातली लाकडं एकाला एक बांधून नदीतनं खाली सोडायचे, त्यावर गाव जगलं. मग कातडी कमावणाऱ्यांची एक गल्ली झाली. कचेरीच्या भिंतीवर दर मोठ्या पुराची रेघ मारून ठेवलीय.

"आपल्याकडं भिंतच ऱ्हात न्हाई, रेघ कुठं मारनार?" अंबूबाई म्हणाली.

"आणि दुसऱ्या महायुद्धाच्या शेवटाला गावचा पूल उडवला. त्यांच्याच सैन्यानं."

"आपल्याच मानसांनी?"

"शत्रूला नदी ओलांडता येऊ नये म्हणून."

अंबूबाईनं शेंगांची पाटी बाजूला सारली. मग म्हणाली, "पुन्ना सांग. पयल्यापासनं."

लिहिता येत नव्हतं, म्हणून ते परकं गाव तिनं आपल्या गावावर मांडलं. नेकर म्हणजे कृष्णा. किल्ला म्हणजे मच्छिंद्रगड. कचेरी म्हणजे चावडी. पाण्याला जाता-येता ती ओठातल्या ओठात पुटपुटायची. बायका म्हणायच्या, म्हातारी लेकाच्या ध्यासानं खुळी झाली. तिच्या तोंडावर म्हणायची मात्र कुणाची छाती नव्हती.

गुरुवारी ती कोल्हापूरला निघाली. भावकीतला दीर आकाराम मोटरसायकलवरनं फाट्यापर्यंत सोडायला आला.

"वयनी, दर महिन्याला अंबाबाई. देवीबी कटाळली असंल."

"तुज्यासारखी न्हाई ती."

"पोरानं नाव काढलं पर. धैर्यशील जर्मनला गेला, हे गावात पयल्यांदा मीच सांगितलं."

"व्हय. तुज्या तोंडाला कवा कडी असती?"

कोल्हापुरात रांग लांब होती. पिशवी तपासली, मोबाइल बाहेर ठेवून घेतला. पुढची बाई पदरानं डोळे पुसत होती.

"इथं रडून येळ घालवू नगंस," अंबूबाई तिला म्हणाली. "काय बोलायचं ते मनात मांडून ठेव. लगीच हाकलत्यात."

तिची पाळी आली. ती पुढं सरकली आणि भराभर बोलायला लागली.

"नदीचं नाव नेकर. हसू नगंस. तीन अंगांनी वळसा, मच्छिंद्रगडावानी किल्ला. पूल त्यांच्याच सैन्यानं उडवला. नानासोंनी इचारलं तर एवढंच सांग, जास्ती बोलू नगंस. तुज्या भनीचं लगीन त्याच्यावर हाय. आता म्हण माज्या म्हागं."

"नदीचं नाव नेकर," जाळीपलीकडनं धैर्यशील म्हणाला. सुटायला महिनाच उरला होता, पण पुढचं त्याला येईना. शिपायानं दांडका आपटला, तसा तो जाळीला चिकटला. "आई, दुसरं काय सुचलं न्हाई व्हय गं तुला? दुबई म्हणायचं. जर्मनच का?"

"तुला धरला त्या दिशी मी चौकीत आले, तवा तू फरशीवर बसून जर्मनच्या, अल्मिनमच्या चेपक्या थाळीत भात खात हुतास. भाईर ष्टँडवर आकाराम भेटला. धैर्यशील कुठं हाय म्हणला. डोळ्यांम्होरनं ती थाळी हलंना. जर्मन, एवढंच तोंडातनं निघालं बघ."