ताटातल्या तांदळांवरचं नाव

संध्याकाळचा चहा झाल्यावर वृद्धाश्रमातली मंडळी गच्चीवर जमली. पश्चिमेला कित्येक वर्षांनी परतलेला धूमकेतू दिसत होता. कालपर्यंत तो डॉक्टर रेग्यांच्या नावाचा होता. मग जुन्या शोधांचं श्रेय खऱ्या माणसाला मिळवून देणाऱ्या श्रेययंत्राने वेधशाळेतल्या आकाशाच्या छायाचित्रांच्या जुन्या काचा तपासल्या, धूमकेतूच्या ठिपक्याभोवती शाईने काढलेलं पहिलं वर्तुळ कुणाच्या हातचं ते ओळखलं, आणि आज सकाळपासून धूमकेतू वत्सला पेठेचा झाला.

"पुढे काय झालं रे तिचं?" कुसुमताईंनी मोबाइलला विचारलं.

श्रेययंत्र अदबीने म्हणालं, "तेविसाव्या वर्षानंतर हे नाव कुठेच सापडत नाही. बहुधा त्या अकाली वारल्या."

"अगं बाई! बिचारी."

माधवी करंदीकर कठड्याला टेकून ऐकत होत्या. लग्नात नवऱ्याने ताटातल्या तांदळांवर अंगठीने त्यांचं नवं नाव लिहिलं होतं, आणि ते तांदूळ दुसऱ्याच दिवशी शिजले होते. ते यंत्राला कुठून कळणार? वत्सला म्हणून हाक मारणारं शेवटचं माणूस, त्यांचा थोरला भाऊ, जाऊनही खूप वर्षं झाली होती. तसंच वर्तुळ काढून दाखवावं, तर आता हाताला कंप.

तरी त्यांच्या तोंडून निघूनच गेलं, "रेगे सर घाई करायचे, पण ती प्रत्येक काच दोनदा बघायची."

कुसुमताई वळल्या. "तुम्ही ओळखत होतात तिला?"

माधवीताईंनी धूमकेतूवरची नजर काढली नाही.

"लग्नाआधी," त्या म्हणाल्या. "नंतर आमची भेट नाही."