अदृश्य माणसाची सही

अदृश्य झगा घालून रस्ता ओलांडणारा माणूस बसखाली गेला आणि निलंबित झाला तो बसचालक गेनू ढोकळे! चौकशी समितीवरच्या भौतिकशास्त्राच्या प्राध्यापक कुमुदिनी राजवाडकर भडकल्या.

“अहो, झग्यामुळे प्रकाश अंगाला वळसा घालून जातो. मग डोळ्यांत काय शिरणार, कप्पाळ? आतला माणूस ठार आंधळा होतो!”

“काहीतरीच, मॅडम! सिनेमात नायकाला सगळं दिसतं,” झगा बनवणाऱ्या कंपनीचे मालक हसले. “चालकाची चूक, असं लिहा. मी सही करतो.”

“करा की. फक्त झगा घालून करा.”

मालकांनी झगा डोक्यावरून ओढला आणि ते दिसेनासे झाले. पेन हवेत उठलं, कागद सोडून टेबलावर चाचपडत फिरलं.

“मॅडम,” रिकाम्या खुर्चीतून घाबरा आवाज आला, “दिवे कुणी घालवले?”