शेवटचा 'मी'

मंगळावरच्या त्या वस्तीत मीदानाचा विधी सकाळीच उरकायचा. आसनावर बसलेल्याच्या डोक्यावर टोप चढवायचा, भोवतालच्यांनी डोळे मिटून एकच सूर धरायचा आणि सूर थांबेपर्यंत मेंदूतला 'मी' कायमचा विझलेला असायचा. त्याआधी जवळच्या माणसाशी 'मी'नं सुरू होणारं एक शेवटचं वाक्य बोलायची रीत होती.

आज आसनावर बसलेल्या श्रीरंगसमोर त्याची बायको कुमुद बसली होती. तिला दोनच शब्द हवे होते: मी चुकलो. चार वर्षांपूर्वी त्यानं न तपासताच सही करून दिलेला प्राणवायूचा पोशाख घालून त्यांची मुलगी ओवी वस्तीच्या घुमटाबाहेर गेली आणि गुदमरून मेली. चौकशीत तो म्हणाला, पोरीनंच तो नीट घातला नव्हता. घरी फार तर म्हणायचा, "चूक झाली." कुणाची, ते कधीच नाही.

"बोल," कुमुद म्हणाली.

श्रीरंगनं क्षणभर तिच्याकडे पाहिलं. "मी सुटलो," एवढंच म्हणून त्यानं स्वतःच टोप खाली ओढला.

सूर थांबला. सगळ्यांनी हात जोडले. कुमुदला मात्र राहवेना. तिनं त्याचे खांदे गदागदा हलवत ओवीची सगळी हकिगत त्याला ओरडून सांगितली. त्यानं ती शांतपणे ऐकून घेतली. त्याच्या डोळ्यांत पाणी आलं.

"फार वाईट झालं हो, बाई," तो म्हणाला. "त्या माणसानं निदान तुमची माफी तरी मागायला हवी होती."