ड्युटीचे बूट

बाळाराम पूर्णा गावातल्या एका गोदामाच्या गेटवर वॉचमन होता. तपासणीत त्याचं बीपी पुन्हा वाढलेलं निघालं, तेव्हा त्याच्या मुलीने, संघरत्नाने, घरी येऊन गोळ्यांची पिशवी जमिनीवर ओतली. या महिन्यात मिळालेली बीपीच्या अ‍ॅम्लोडिपिनची पाकिटं जशीच्या तशी होती. एकही गोळी काढलेली नव्हती.

"रोज घेतो म्हणून सांगत होता ना, बाबा? उद्या लकवा मारला तर आम्ही काय करायचं?"

बाळारामने मान खाली घातली. "गोळी घेतली की पाय सुजतात. बूट चढत न्हाय. आणि चपलेवर सुपरवायझर गेटवर उभं राहू देत न्हाय."

तिचा राग आणखीच चढला. "मग हे डॉक्टरांना सांगायचं. ते गोळी बदलून देतात."

"सांगितलं की."

"काय म्हणाले?"

"म्हणाले, एवढं काय न्हाय. दिवसभर पाय वर घेऊन बसत जा."

संघरत्ना पुढे बोलणार होती, ती थांबली. बाबांना डबा द्यायला ती कितीदा त्या गेटवर गेली होती. तिथे खुर्चीच नव्हती.