एकच बरणी

डॉक्टर देवपुजारींनी उरलेल्या गोळ्या मागितल्या, तेव्हा बायजाबाईंनी पिशवीतून लोणच्याची बरणी काढून टेबलावर ठेवली.

"हे काय? बाटल्या कुठे आहेत? तुमची वेगळी, यांची वेगळी दिली होती."

"त्याइत तिखट भरलं जी. भिवापूरचं. झाकण घट्ट होतं ना," बायजाबाई कौतुकाने म्हणाल्या. "एका घरात दोघी जावांच्या दोन बाटल्या कायले? आज गोळ्या वेगळ्या, उद्या चूल वेगळी. म्या सगळ्या एकात टाकल्या."

डॉक्टरांनी कपाळाला हात लावला. साखरेच्या आजारात शरीरातलं एक विकर, म्हणजे एन्झाइम, साखरेचं भलतंच काही करून नसांत साठवतं, ही नवी गोळी त्या विकराला आवरते का, हे त्यांना पाहायचं होतं. सरकारी दवाखान्यात पेशंटला कुणी इतकं समजावून सांगत नाही. यांनी सांगितलं होतं, दोनदा. घरात बरण्या किती असाव्यात, तेवढं मात्र सांगायचं राहिलं.

"या चाचणीत कुणाच्या बाटलीत खरं औषध असतं, कुणाच्या नुसता खडू. कोणती कुणाची, मलाही ठाऊक नाही, ते मुंबईला बंद पाकिटात आहे. आता तुमचा काही उपयोग नाही. दोघींचं बंद."

धाकटी जाऊ वच्छला टेबलापाशी आली. तिच्या पायांची आग व्हायची. तीन वर्षं रात्री पाय पाण्याच्या बादलीत घालून बसलेली बाई. मागच्या महिन्यापासून तिला पायावर चादर सहन होऊ लागली होती.

"मले गुण आला जी," ती म्हणाली. "मले तेवढ्या द्या. पाया पडतो तुमच्या."

"कशाचा गुण आला, ते आता ब्रह्मदेवही सांगू शकणार नाही."

"बाजारात तरी?"

"बाजारात यायला अजून वर्षं लागतील. आलंच तर."

त्यांनी गोळ्या ट्रेमध्ये ओतल्या आणि रिकामी बरणी पुढे सरकवली. बायजाबाईंनी ती पदराने पुसून घेतली.

बाहेर मे महिन्याचं ऊन होतं. नंदनवन वस्तीच्या रस्त्यावरचं डांबर पाघळलं होतं. बायजाबाई बरणी काखेत धरून पुढे चालल्या होत्या आणि डॉक्टरला नावं ठेवत होत्या. त्यांचे पाय जळत नसत, ते बधीर होते. डाव्या पायातली चप्पल डांबरात रुतून मागे राहिली, तरी त्यांना कळलं नाही. एरवी अशा वेळी वच्छलाच मागून ओरडायची, 'जाऊबाई, चप्पल!' गेल्या उन्हाळ्यात ती माहेरी होती, तेव्हा बायजाबाईंचा भाजलेला तळवा दिवाळीपर्यंत भरला नव्हता.

वच्छला चपलेपाशी थांबली. तिने समोर पाहिलं. मोठी जाऊ उघडा तळवा डांबरावर नीट टेकवत चालली होती.

"आयकलं का वं?" बायजाबाई मागे न पाहता म्हणाल्या. "मरू दे तो डॉक्टर. घरी गेल्यावर मी तुह्या पायाले खोबऱ्याचं तेल चोळून देतो."

"हो," वच्छला म्हणाली आणि चपलेला वळसा घालून चालू लागली.