भेगेचा आकडा

"लिही," गाव्रिल म्हणाला. "चूक माझी. खोदयंत्र मी भिंतीच्या नको तितकं जवळ नेलं. लिहिलंस?"

सार्गिलानाच्या हातात पेन होतं, पण कागद कोराच. गाव्रिलचा उजवा हात गळ्यात बांधलेला, आणि डावा पाय घोट्याखाली नव्हताच. नऊ दिवसांपूर्वी हिऱ्यांच्या उघड्या खाणीची भिंत त्याच्या यंत्रावर कोसळली होती. उद्या चौकशी. जबाब लिहायला त्याने मुद्दाम हिलाच बोलावलं, कारण भिंतीच्या भेगा रोज मोजायचं काम हिचं. असा जबाब दिला की चोवीस वर्षांच्या नोकरीवर बोळा फिरणार, हे दोघांनाही ठाऊक होतं.

"अक्षर नीट काढ गं," चुलीपाशी उभी असलेली त्याची बायको आकुलिना म्हणाली. "ह्यांचं म्हणजे कोंबडीचे पाय." तिने दुधाचा चहा आणि गोठलेल्या माशाचे पातळ काप पुढे ठेवले. "आणि खा आधी. नऊ दिवसांत निम्मी झालीस. तुझा काय दोष त्यात?"

सार्गिलानाने बशी बाजूला सारली.

"आता आकडा घाल," गाव्रिल म्हणाला. "त्या सकाळी भेग रोजच्याइतकीच, अकरा मिलिमीटर. म्हणजे भिंत आपणहून हलली नव्हती. मग पडली कशाने? माझ्याच यंत्राच्या धक्क्याने."

अकरा! त्या सकाळी तापमान उणे त्रेपन्न होतं. मोजपट्टी वाचायची तर हातमोजा काढायचा, तोंड भिंतीला लावायचं, पापण्या एकमेकींना चिकटतात. आणि हिवाळ्यात भिंत हलतेय कुठली? सगळं गोठून लोखंड झालेलं असतं. चाळीस दिवस अकराच आले होते. एक्केचाळिसाव्या दिवशी तिने वरच्या उबदार खोलीत बसून वहीत अकरा लिहिले आणि चहा घेतला. भिंतीच्या पोटातलं खारं पाणी कधीच गोठत नाही, म्हणून ती हिवाळ्यातही सरकू शकते, हे तिला शिकवलेलं होतं. तरी लिहिले.

"काका," ती म्हणाली, "मी त्या दिवशी खाली उतरलेच नव्हते."

आकुलिनाचा हात किटलीवरच थांबला.

"माहितीये," गाव्रिल म्हणाला.

"माहितीये?"

"रोज सकाळी अंधारात तुझा दिवा भिंतीवरून सरकताना दिसतो मला. त्या दिवशी नाही दिसला. मोजणी झाल्याशिवाय यंत्र पुढे न्यायचं नाही, असा नियम आहे. मी नेलं." तो खिडकीकडे बघत राहिला. "आणि खरं सांगू? मला बरंच वाटलं. म्हटलं, एवढ्या थंडीत पोरगी वरच राहिली, शहाणी आहे."

"अहो, मग मला नऊ दिवस थापा मारत होतात?" आकुलिना ओरडली.

त्याने तिकडे लक्षच दिलं नाही. "लिही आता, पोरी. तुझं वय काय, सव्वीस. खरं सांगितलंस तर थेट तुरुंग. माझं काय, पाय तर गेलाच आहे."

"नाही लिहिणार." सार्गिलानाने कागद दूर सारला. "एकदा खोटं लिहिलं तेवढं पुरे झालं. तुमचा पाय मी तोडला, काका. मी!" आणि ती हुंदके देऊन रडायला लागली. आकुलिनाने तिला जवळ घेतलं नाही, जा असंही म्हटलं नाही.

खाणीत दुपारचा सुरुंग उडाला. कपबश्या खणखणल्या. कोणी मान वर केली नाही.

मग गाव्रिलने कागद ओढून घेतला. एक टोक दातात धरलं, डाव्या हाताने मधोमध फाडला आणि अर्धा तिच्यापुढे ठेवला.

"तुझी चूक तू लिही," तो म्हणाला. "माझी मी डाव्या हाताने लिहितो."